आधी ऐकलं, मग वाट पाहिली

१९७८ च्या उन्हाळ्यात उत्तर आयर्लंडमधल्या डेरी गावची पाच पोरं बेलफास्टला गेली आणि दोनशे पौंडांत चार गाणी रेकॉर्ड करून परतली. बँडचं नाव ‘द अंडरटोन्स’ आणि मुख्य गाणं ‘टीनएज किक्स’. बेलफास्टमध्ये रेकॉर्डचं दुकान चालवणाऱ्या टेरी हूलीने ती तबकडी स्वतःच्या छोट्या लेबलवर काढली, काखेत मारली आणि लंडनमधल्या कंपन्यांचे उंबरठे झिजवले. कुणालाही ती नको होती. सप्टेंबरात बीबीसीच्या जॉन पील या निवेदकाने ते गाणं वाजवलं आणि त्याला ते इतकं भावलं, की त्याच कार्यक्रमात लागोपाठ पुन्हा वाजवलं. त्या दिवसांत न्यूयॉर्कहून कामासाठी आलेला एक माणूस गाडीत बसून पीलचा कार्यक्रम ऐकत होता. गाणं कानावर पडलं आणि त्याने आपल्या कंपनीचा माणूस डेरीला धाडला. ऑक्टोबर लागता लागता करारावर सह्या झाल्या.

त्या माणसाचं नाव सीमोर स्टाइन. रामोन्स, टॉकिंग हेड्स, प्रिटेंडर्स, डिपेश मोड, द स्मिथ्स, रिप्लेसमेंट्स अशी नावं ज्यांनी तरुणपणी ऐकली, त्यांच्या कपाटातल्या अर्ध्याअधिक तबकड्यांवर या माणसाच्या ‘सायर’ कंपनीचं चिन्ह असे. पुढे ज्याला ‘ऑल्टरनेटिव्ह रॉक’ म्हणायची पद्धत पडली, त्या संगीताला अमेरिकेत घर मिळवून देणाऱ्या मोजक्या लोकांत तो होता. स्वतः त्याने एकही वाद्य वाजवलं नाही. त्याचा धंदा ऐकण्याचा होता.

या धंद्याला तिकडच्या कंपन्यांत ‘ए अँड आर’ म्हणतात. ‘आर्टिस्ट्स अँड रेपर्टवार’ याचं ते आखूड रूप. कलाकार शोधायचे आणि त्यांनी काय गायचं ते ठरवायचं, असा त्याचा मूळ अर्थ. पूर्वी गायक एकीकडे, गीतकार दुसरीकडे आणि वादक तिसरीकडे असत. तिघांची मोट बांधायचं काम या खात्याकडे होतं. रॉक बँड स्वतःच गाणी लिहू लागले तेव्हा दुसरा भाग गळाला आणि पहिला उरला: रात्री हिंडा, ऐका, निवडा.

काम मात्र रॉकपेक्षा फार जुनं. ग्रामोफोन कंपनीचा फ्रेड गायसबर्ग १९०२ च्या वसंतात मिलानमध्ये होता. तिथे त्याने एन्रिको कारुसो या तरुण गायकाला ऐकलं. दहा गाण्यांचे शंभर पौंड मागितले गेले. लंडनच्या कचेरीने तार करून नकार कळवला आणि गायसबर्गने तो मानला नाही, ही हकिकत त्याने स्वतःच पुढे सांगितली आहे. त्याच वर्षाच्या अखेरीस तो कोलकात्यात आला आणि तिथे गौहर जानचा आवाज तबकडीवर उतरला. आपल्याकडे मुंबईत एचएमव्हीमध्ये जी. एन. जोशींनी अनेक वर्षं हेच काम केलं. स्वतः नावाजलेले भावगीत गायक असलेल्या जोशींनी १९३८ मध्ये कंपनीत पाऊल टाकलं आणि रेकॉर्डिंगला नाखूश असलेल्या कितीतरी बुजुर्गांना मायक्रोफोनसमोर आणून बसवलं. १९६०च्या दशकात शिवकुमार शर्मा, ब्रिजभूषण काब्रा आणि हरिप्रसाद चौरसिया या तेव्हाच्या तरुण वादकांना एकत्र आणून ‘कॉल ऑफ द व्हॅली’ ही तबकडी काढली गेली, तिचे निर्माते जोशीच. गायसबर्गला आलेली तार आणि जोशींची चिकाटी मुद्दाम सांगितली, कारण पारख्याच्या कामाचा अवघड भाग तिथेच दिसतो. चांगलं काय हे ओळखणारे कान पुष्कळांकडे असतात. ओळखलेल्या गोष्टीसाठी आपल्याच मालकाशी वर्षानुवर्षं वाद घालत राहणं फार थोड्यांना जमतं.

स्टाइनला ते जमलं. त्याचा जन्म १९४२ चा, ब्रुकलिनमधला. शाळकरी वयात तो मॅनहॅटनमधल्या ‘बिलबोर्ड’ साप्ताहिकाच्या कचेरीत जाऊन बसे आणि जुन्या अंकांतल्या गाण्यांच्या याद्या वहीत हाताने उतरवून काढे. कुठलं गाणं कितव्या आठवड्यात कितव्या क्रमांकावर होतं, कुठल्या लेबलचं होतं, ते लिहिलं कुणी, सगळं. तिथल्या लोकांनी पोराला हुसकावलं नाही, उलट कामाला लावलं. ‘बिलबोर्ड’ची प्रसिद्ध ‘हॉट १००’ यादी १९५८ मध्ये सुरू झाली तेव्हा हा पोरगा त्या कचेरीत होता. आपल्याकडे संगीतात ‘कान तयार होणं’ म्हणतात. स्टाइनचा कान असा रकान्यांमधून तयार झाला. लोकांना काय आवडून गेलंय याचा वर्षानुवर्षांचा हिशेब डोक्यात असलेल्या माणसाला नवं काय आहे ते चटकन कळतं.

त्याचा खरा गुरू सिड नेथन. सिनसिनाटीत नेथनची ‘किंग रेकॉर्ड्स’ ही कंपनी होती, जेम्स ब्राउनची गाणी तिथूनच येत. रेकॉर्डिंगचा स्टुडिओ, तबकड्या दाबण्याची यंत्रं, वेष्टनांचा छापखाना आणि गोदाम, सगळं एका छपराखाली. विशीतल्या स्टाइनने तिथे दोन वर्षं काढली. या पोराच्या नसांत रक्ताऐवजी लाख वाहते, अशा अर्थाचं काहीतरी नेथनने त्याच्या वडिलांना सांगितलं होतं म्हणे. जुन्या तबकड्या लाखेच्या असत आणि जगातली बहुतेक लाख आपल्या देशातल्या जंगलांतून जाई, म्हणून मला ही उपमा जवळची वाटते. नेथनकडे स्टाइन जे शिकला ते साधं होतं: तबकडी बनवायला किती लागतात, विकून किती येतात आणि मधले पैसे कुठे मुरतात.

१९६६ मध्ये त्याने रिचर्ड गॉटेरर या निर्मात्या मित्राबरोबर ‘सायर’ सुरू केली. दोघांच्या नावांतली अक्षरं जुळवून हे नाव झालं. भांडवल जेमतेम होतं. अमेरिकेतल्या चलती असलेल्या गायकांवर बोली लावायची ऐपत नव्हती. मग स्टाइनने दुसरा मार्ग काढला. तो विमानाने युरोपात जाई आणि तिथल्या कंपन्यांकडून, ज्या रेकॉर्डना अमेरिकेत कुणी विचारत नव्हतं, त्यांचे फक्त अमेरिकेपुरते हक्क स्वस्तात घेई. रेकॉर्डिंगचा खर्च आधीच दुसऱ्याने केलेला, याने फक्त तबकडी दाबायची आणि विकायची. डच बँड ‘फोकस’चं ‘होकस पोकस’ याच वाटेने आलं आणि १९७३ मध्ये अमेरिकेत पहिल्या दहांत पोचलं.

हे नीट लक्षात घ्यायला हवं. स्टाइनला विचित्र संगीत आवडायचं हे खरंच. पण विचित्र संगीत स्वस्तही होतं. मोठ्या कंपन्या ज्या टेबलाशी गर्दी करून बसल्या होत्या तिथे त्याला जागा नव्हती, म्हणून तो रिकाम्या टेबलांशी बसायला शिकला आणि हळूहळू तिथलंच जेवण त्याला अधिक रुचू लागलं. आवड आणि अडचण यांची अशी गाठ पडली, की त्याच्या निवडीतलं कुठलं धाडस कशातून आलं हे वेगळं करून दाखवता येत नाही.

१९७५ पर्यंत त्याला रिकामं टेबल न्यूयॉर्कमध्येच सापडलं. बावरी या तेव्हाच्या बकाल रस्त्यावर ३१५ क्रमांकाच्या जागेत हिली क्रिस्टल नावाच्या गृहस्थाने ‘सीबीजीबी’ हा बार काढला होता. ही अक्षरं कंट्री, ब्लूग्रास आणि ब्लूज या संगीतप्रकारांची. ते संगीत तिथे फारसं वाजलंच नाही. नियम एवढाच होता, की बँडने स्वतःची गाणी वाजवायची. रामोन्स तिथे वाजवत होते. चौघांनीही रामोन हेच आडनाव लावलेलं, कातडी जाकिटं, फाटक्या जीन्स, दोन-दोन मिनिटांची गाणी, मध्ये उसंत नाही. स्टाइनच्या आधी त्यांना त्याच्या बायकोने, लिंडा स्टाइनने, आणि त्याच्या कंपनीतल्या क्रेग लिऑनने हेरलं होतं. दोघांनी धोशा लावला, तेव्हा स्टाइनने तालमीची एक खोली तासाभरासाठी भाड्याने घेऊन त्यांना ऐकलं. त्यांचा अख्खा साठा तासाच्या आत सहज संपला.

१९७६ च्या फेब्रुवारीत रेकॉर्डिंग झालं. खर्च ६,४०० डॉलर. त्या काळात नावाजलेले बँड एका अल्बमसाठी महिनोन्महिने स्टुडिओत बसत. रामोन्सचा अल्बम १४ गाण्यांचा आणि जेमतेम २९ मिनिटांचा होता. ‘बिलबोर्ड’च्या यादीत तो १११ च्या वर गेला नाही. त्या वर्षीच्या हिशेबात ही निवड फसलेलीच म्हणायची. स्टाइनने त्यांना सोडलं नाही. सायरने रामोन्सचे अल्बम काढणं थेट १९८० च्या दशकाच्या अखेरीपर्यंत चालू ठेवलं, आणि त्या काळात अमेरिकेत त्यांचं एकही गाणं पहिल्या पन्नासांत गेलं नाही.

रामोन्सना ऐकायला गेला असताना, त्यांच्या आधी वाजवणाऱ्या एका बँडचे सूर रस्त्यावर उभ्या स्टाइनच्या कानी पडले आणि तो आत ओढला गेला. ते टॉकिंग हेड्स होते. कलाशाळेत शिकलेली, नीटनेटके शर्ट घातलेली, अस्वस्थ तऱ्हेने गाणारी मुलं. स्टाइन करार करायला लगेच तयार होता, तेच तयार नव्हते. आपण अजून पक्के झालो नाही असं त्यांना वाटत होतं. तो येत राहिला, ऐकत राहिला आणि जवळजवळ वर्षाने, १९७६ च्या नोव्हेंबरात, त्यांनी सही केली. एवढ्या अवधीत एखाद्याचा उत्साह मावळला असता.

पारखी ऐकतो काय, असा प्रश्न पडतो. स्टाइन मुलाखतींत सांगत असे की तो आधी गाणं शोधतो. वाजवणं सुधारता येतं, गायक चार वर्षांत तयार होतो, कपडे बदलता येतात. मुळात गाणंच नसेल तर काहीही करून भागत नाही. हे ऐकायला सोपं आहे, पण खराब टेपवरच्या खरखरीतून, दारूच्या ग्लासांच्या किणकिणाटातून, बेसूर माइकमधून गाणं वेगळं काढायचं असतं. शिवाय नवं म्हणजे पहिल्यांदा ऐकताना चुकल्यासारखं वाटणारं. चांगले कानही तिथे अडखळतात.

लंडनच्या ‘फोर एडी’ लेबलचा इव्हो वॉट्स-रसेल हा या क्षेत्रातला दुसरा मोठा कान. १९८७ मध्ये बोस्टनच्या ‘पिक्सीज’ बँडची टेप त्याच्याकडे आली. गायकाच्या वडिलांनी दिलेल्या हजार डॉलरांत ती रेकॉर्ड झाली होती. न्यूयॉर्कच्या रस्त्यांवरून वॉकमन लावून चालताना इव्होने ती ऐकली. आवडली, पण आपल्या लेबलच्या धुकट, स्वप्नाळू संगीतात हे राकट प्रकरण बसेल का, या विचाराने तो थबकला. त्याची तेव्हाची जोडीदार आणि लेबलची सहकारी डेबोरा एजलीने आग्रह धरला, की हे घ्यायलाच हवं. त्या टेपमधलीच आठ गाणी ‘कम ऑन पिलग्रिम’ नावाने त्याच वर्षी बाहेर पडली. पुढे ‘निर्वाणा’ बँडच्या कर्ट कोबेनने उघड सांगितलं, की आपलं सर्वांत गाजलेलं गाणं लिहिताना आपण पिक्सीजची नक्कल करू पाहत होतो. एजली आणि लिंडा स्टाइन यांची नावं या कहाण्यांत दुसऱ्या ओळीत येतात. माझ्या मते ती पहिल्या ओळीत यायला हवीत, कारण दोन्ही ठिकाणी खात्री त्यांची होती.

चुका तर पाचवीला पुजलेल्या. डेक्का कंपनीच्या डिक रोवचं नाव बीटल्सना नाकारणारा माणूस म्हणूनच उरलं. १९६२ च्या पहिल्याच दिवशी झालेली ती चाचणी. पण याच रोवने पुढच्या वर्षी रोलिंग स्टोन्सना करारबद्ध केलं, तेही बीटल्सच्या जॉर्ज हॅरिसनच्या सांगण्यावरून. एका नकारावरून माणसाचं सगळं आयुष्य तोलणं अन्यायाचं आहे. आणि नशीबही असतंच. १९९३ च्या मे महिन्यात ग्लासगोच्या ‘किंग टट्स’ या तीनशे माणसांच्या जागेत ओअॅसिस नावाचा अनोळखी बँड सर्वांत आधी वाजवणार होता. क्रिएशन लेबलचा अॅलन मॅगी त्या रात्री लवकर पोचला म्हणून त्याला ते ऐकायला मिळाले. नशीब खरं, पण मंगळवार-बुधवारच्या रिकाम्या रात्रीही जो बारमध्ये उभा असतो त्यालाच ते गाठतं.

आता पैशाचा भाग. तो समजल्याशिवाय या धंद्याचं काही कळत नाही.

ऊसतोडीला निघणाऱ्या मजुराला मुकादम हंगामाआधी रक्कम देतो, तिला आपण उचल म्हणतो. हंगामभर राबून ती फेडायची. रेकॉर्ड कंपनी बँडला देते तीही उचलच. ती बक्षिशी नसते. स्टुडिओचं भाडं, निर्मात्याची फी, चित्रफितीच्या खर्चाचा मोठा वाटा, दौऱ्यासाठी दिलेली मदत, हे सगळं बँडच्या खात्यावर चढतं आणि बँडच्या रॉयल्टीतून वळतं होतं. समजा, दर प्रतीमागे बँडचा हिस्सा एक डॉलर आहे आणि खात्यावर दोन लाख चढलेत. मग पहिल्या दोन लाख प्रती विकल्या जाईपर्यंत बँडला रॉयल्टीचा छदामही मिळत नाही. कंपनीला मात्र पहिल्या प्रतीपासून तिच्या वाट्याचे पैसे येत राहतात. मजुराच्या उचलीशी फरक एक आहे, आणि तो मोठा आहे: अल्बम पडला तर बँडला ही रक्कम खिशातून परत करावी लागत नाही. तोटा कंपनी सोसते. बहुतेक अल्बम पडतात, म्हणून कंपनीचं सारं गणित एका यशाने दहा अपयशं भरून काढण्यावर उभं असतं.

स्टाइनच्या बाबतीत ते एक यश १९८२ मध्ये आलं. हृदयाच्या संसर्गाने तो न्यूयॉर्कच्या रुग्णालयात पडून होता, हाताला सलाईन. मार्क कामिन्स या डीजेने पाठवलेली एक टेप त्याने पलंगावरच ऐकली आणि त्या गायिकेला तिथेच बोलावून घेतलं. ती येण्याआधी दाढी-केस करायला न्हावी मागवला. ती गायिका मॅडोना. तिचं संगीत नाचाच्या क्लबातलं, आपल्या विषयाबाहेरचं. पण तिच्या कोट्यवधी प्रतींनी सायरला जो श्वास दिला, त्यावर कितीतरी कमी खपाचे बँड जगले. द स्मिथ्सचंच बघा. १९८२ ते ८७ या त्यांच्या हयातीत त्यांचा एकही अल्बम अमेरिकेत पहिल्या पन्नासांत आला नाही. सायर ते काढत राहिली. या बँडचा गिटारवादक जॉनी मार सांगतो, की करार झाल्यावर न्यूयॉर्कला गेलो तर स्टाइनने गिटार घेऊन देण्याचा शब्द पाळला, लाल रंगाची गिब्सन घेऊन दिली, आणि हॉटेलवर परतून त्याच गिटारवर नव्या गाण्याची चाल बांधली गेली. डिपेश मोडचं नशीब वेगळं निघालं. लंडनजवळच्या बॅझिल्डनची ही विशीतली पोरं सिंथेसायझर घेऊन फिरत होती तेव्हाच स्टाइनने त्यांचे अमेरिकेचे हक्क घेतले. १९८८ च्या जूनमध्ये कॅलिफोर्नियातल्या पॅसाडिनाच्या रोझ बोल मैदानात त्यांना ऐकायला साठ हजारांवर माणसं जमली. मध्ये सात वर्षं गेली होती.

एव्हाना सायर स्वतंत्र उरली नव्हती. १९८० पर्यंत वॉर्नर कंपनीने ती पूर्ण विकत घेतली होती आणि स्टाइन नोकरीतला अध्यक्ष झाला होता. त्याला याचा सल होता, हे त्याच्या आत्मचरित्रावरून कळतं.

मग १९९१ आलं. गेफेन कंपनीच्या गॅरी गर्शने त्याआधी न्यूयॉर्कच्या ‘सॉनिक यूथ’ला करारबद्ध केलं होतं. त्या बँडच्या शिफारशीवरून त्याने सिअॅटलच्या भागातल्या निर्वाणाला घेतलं. ते आधी ‘सब पॉप’ या छोट्या लेबलकडे होते, त्यामुळे सब पॉपला रोख रक्कम आणि पुढच्या विक्रीत हिस्सा द्यावा लागला. निर्वाणाच्या ‘नेव्हरमाइंड’ अल्बमच्या अमेरिकेत सुरुवातीला ४६ हजारांच्या आसपास प्रती पाठवल्या गेल्या. अडीच लाख खपल्या तर फार झालं, असा कंपनीचा होरा होता. जानेवारी १९९२ मध्ये या अल्बमने मायकेल जॅक्सनला पहिल्या क्रमांकावरून खाली उतरवलं.

त्यानंतर जे झालं ते पाहून वाईट वाटतं. गर्श चुकला नव्हता, चुकले ते त्याचं अनुकरण करणारे. प्रत्येक मोठ्या कंपनीने आपले पारखी सिअॅटलला पिटाळले. ज्या बँडना दोनशे श्रोत्यांची सवय होती त्यांच्यापुढे लाखोंचे कागद ठेवले गेले. मेल्विन्ससारखा अतिसंथ, अतिजड संगीताचा बँड अटलांटिक कंपनीत गेला. लोकप्रिय होण्याचा ज्यांनी कधी विचारही केला नव्हता त्यांच्याकडून दुसऱ्या नेव्हरमाइंडची अपेक्षा धरली गेली, आणि ती पुरी न झाल्यावर दोन-तीन वर्षांत त्यांतले बरेच जण बाहेर काढले गेले.

याच सुमारास स्टीव्ह अल्बिनी या रेकॉर्डिंग अभियंत्याने ‘द प्रॉब्लेम विथ म्युझिक’ नावाचा लेख लिहिला. १९९३ चा तो लेख आजही जरूर वाचावा असा आहे. त्यात त्याने एका काल्पनिक बँडचा ताळेबंद मांडला. अडीच लाख डॉलरांची उचल, अडीच लाख प्रतींचा खप, म्हणजे चांगलंच यश. तरी शेवटी बँडच्या खात्यावर चौदा हजारांची बाकी निघते आणि प्रत्येकाच्या हाती वर्षाचे चारेक हजार डॉलर उरतात. किराणा दुकानात काउंटरवर उभं राहून याच्या तिप्पट मिळाले असते. पण लेखातला मला अधिक बोचणारा भाग पारख्याविषयीचा आहे. अल्बिनी म्हणतो, की हा पारखी बँडच्याच वयाचा असतो, तीच गाणी ऐकून मोठा झालेला असतो, तो मनापासून बोलतो आणि त्याला खरंच वाटतं की आपण मित्राचं भलं करतोय. म्हणूनच त्याच्यापासून जपून राहायचं. सही झाल्यावर बँडचं भवितव्य त्याच्या हातात राहत नाही, कारण तो स्वतः चाकर आहे आणि उद्या त्याची नोकरी जाऊ शकते.

यातला शेवटचा मुद्दा मला सोळा आणे पटतो. ही नोकरी सुरू कशी होते पाहा. कॉलेजच्या रेडिओवर कार्यक्रम करणारी, झेरॉक्स केलेली छोटी मासिकं काढणारी, रेकॉर्डच्या दुकानात काम करणारी मुलं यात ओढली जातात. सुरुवातीचा पगार किरकोळ, रात्रीचे तीन-चार कार्यक्रम, सकाळी कचेरीत टेपांचा ढीग. बढती मिळते ती आणलेल्या बँडच्या खपावर, आणि डच्चूही त्यावरच. कंपनी विकली गेली, वरचा साहेब बदलला, की नवा साहेब जुन्याच्या बँडकडे सावत्र पोरांसारखं बघतो. म्हणून शहाणे वकील करारात एक कलम घालून घेतात: अमुक व्यक्ती कंपनी सोडून गेली तर बँडलाही जाण्याची मुभा. ते कलम सगळ्यांना मिळत नाही.

शिकागोच्या विल्को बँडची गोष्ट इथे सांगायलाच हवी. त्यांच्या आधीच्या अंकल टुपेलो बँडला सायरमध्ये आणणारा पारखी जो मॅकइवन. पुढे विल्को वॉर्नरच्याच ‘रिप्राइज’ लेबलवर आले आणि तिथला प्रमुख हाउई क्लाइन, जो स्टाइनच्या हाताखाली सायरमध्ये काम केलेला, तो त्यांची पाठराखण करत राहिला. २००१ मध्ये मोठ्या विलीनीकरणानंतर खर्चकपात आली आणि क्लाइन बाहेर पडला. नेमका तेव्हाच विल्कोने ‘यांकी होटेल फॉक्सट्रॉट’ अल्बम कंपनीच्या हाती दिला. क्लाइन गेल्यावर उरलेल्यांना त्यात विकण्याजोगं काही दिसलं नाही. बँडला अल्बमसकट मोकळं केलं गेलं. त्यांनी तो आपल्या संकेतस्थळावर फुकट ऐकायला ठेवला, लोकांच्या उड्या पडल्या, आणि मग तो ‘नॉनसच’ लेबलने घेतला. नॉनसचही वॉर्नरचंच! एकाच घराने एकाच अल्बमचे पैसे दोनदा मोजले. २००२ मध्ये तो यादीत तेराव्या क्रमांकावर दाखल झाला. अल्बम तोच होता, फक्त मधल्या काळात त्याची बाजू घेणारा माणूस खुर्चीत नव्हता.

उलट बाजूही दिसते. मायकेल गोल्डस्टोनने पॉलिग्राम कंपनीसाठी सिअॅटलच्या ‘मदर लव्ह बोन’ला घेतलं. १९९० च्या मार्चमध्ये, पहिला अल्बम बाजारात येण्याआधीच, त्यांचा गायक अँड्र्यू वुड हेरॉइनच्या अतिसेवनाने गेला. कंपनीच्या लेखी प्रकरण संपलं. गोल्डस्टोन एपिक कंपनीत गेला आणि उरलेल्या दोघांचा, स्टोन गॉसार्ड आणि जेफ अॅमेंट यांचा, हात त्याने सोडला नाही. त्यांनी नवा गायक शोधला, नवा बँड उभा केला. तो पर्ल जॅम. त्यांचा ‘टेन’ ऑगस्ट १९९१ मध्ये आला आणि दुसऱ्या क्रमांकापर्यंत चढायला त्याला वर्ष लागलं.

आज पारख्याच्या टेबलावर टेपा नाहीत, आकडे आहेत. कुठलं गाणं कुठल्या शहरात किती वेळा ऐकलं गेलं, किती जणांनी मध्येच सोडलं, किती जणांनी त्यावर चित्रफिती केल्या, हे रोज सकाळी समोर येतं. याने बेलफास्टपासून बीडपर्यंत कुणालाही मध्यस्थाशिवाय ऐकलं जाण्याची सोय झाली, ही फार मोठी गोष्ट आहे आणि तिचं मोल कमी लेखू नये. पण गर्दी जमल्यावरच आकडा मोठा होतो. बावरीवरच्या बारमध्ये पंचवीस माणसांसमोर वाजवणाऱ्यांचा आकडा पंचवीसच आला असता. आणि १११ व्या क्रमांकावर थांबलेल्या अल्बमनंतर दुसरा अल्बम काढायचा निर्णय कुठल्याही तक्त्यातून निघाला नसता.

सीमोर स्टाइनने २०१८ मध्ये वॉर्नर सोडलं आणि २ एप्रिल २०२३ रोजी, एक्याऐंशीव्या वाढदिवसाच्या थोडं आधी, तो गेला. रामोन्सच्या त्या ६,४०० डॉलरांच्या पहिल्या अल्बमची अमेरिकेतली विक्री पाच लाखांवर गेल्याचं प्रमाणपत्र, म्हणजे तिथली ‘गोल्ड’ तबकडी, ३० एप्रिल २०१४ ला मिळालं. अल्बम निघून अडतीस वर्षं झाली होती. मुखपृष्ठावर भिंतीला टेकून उभ्या असलेल्या चौघांपैकी तेव्हा एकटा ड्रमवादक टॉमी हयात होता. त्या जुलैत तोही वारला.